साठेखत ते खरेदीखत

‘शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये’ ही म्हण आमच्या घरात मी लहानपणापासून ऐकत आले आहे. गंमत अशी, की ती म्हणणाऱ्यांपैकी बहुतेकांनी कोर्टाची पायरी पाहिलेलीही नसते. आमच्या अण्णांनीही पाहिली नव्हती. त्यामुळे २०१४ च्या अक्षय्य तृतीयेला शंभर रुपयांच्या स्टॅम्पपेपरवर लिहिलेला एक कागद आमच्या पत्र्याच्या ट्रंकेत, आईच्या लग्नातल्या शालूच्या घडीखाली, वर्षानुवर्षे तसाच पडून राहिला. घरातली कॉलेजात गेलेली मी पहिलीच. मागच्या वर्षी मी तो अथपासून इतिपर्यंत वाचून काढला, आणि ज्याला आम्ही ‘आपल्या जमिनीचा कागद’ म्हणत होतो तो जमिनीचा कागद नाहीच, हे मला प्रथम कळले.

तो कागद म्हणजे साठेखत. गावाशेजारची सव्वा एकर जिराईत जमीन, ठरलेली किंमत ७ लाख, इसार दीड लाख, बाकीचे साडेपाच लाख खरेदीखताच्या वेळी द्यायचे आणि खरेदीखत सहा महिन्यांत करायचे. शेवटी नेहमीचे वाक्य: लिहून देणार यांनी खरेदीखत करून देण्यास टाळाटाळ केल्यास लिहून घेणार यांनी ते कोर्टामार्फत करून घ्यावे. लिहून देणार आमच्या भावकीतले नव्हेत. पण एकाच पारावर बसणारे, एकाच दिंडीत चालणारे. आधी म्हणाले, मोजणी होऊ द्या. मग म्हणाले, थोरल्या बहिणीची सही राहिली आहे. मग त्यांच्या घरी लग्न निघाले. तेवढ्यात शेजारून रस्ता रुंद होणार अशी बातमी आली आणि भाव चढले. २०१८ साली त्यांनी स्पष्ट सांगितले, ‘पैसे देऊ कधीतरी, जमिनीचे नाव काढू नका.’

कोणाविषयी तक्रार मांडावी हा या लेखाचा हेतू नाही. शिवाय मी राज्यशास्त्राची विद्यार्थिनी आहे, कायद्याची नव्हे. परंतु आपल्यापैकी पुष्कळांच्या घरी असा एखादा कागद असतो. तो कोर्टात नेला तर कोर्ट काय पाहते आणि काय पाहत नाही, हे ग्रंथालयात बसून आणि एका वकीलसाहेबांना वारंवार त्रास देऊन जेवढे समजले, तेवढे येथे मांडण्याचा प्रयत्न करते.

आरंभी एक भेद स्पष्ट केला पाहिजे. गावात ‘सौदा झाला’ म्हटले की जमीन गेली असेच लोक समजतात. कायदा तसे समजत नाही. १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याचे कलम ५४ सांगते, की स्थावर मिळकत विकण्याचा करार झाला म्हणजे केवळ तेवढ्याने त्या मिळकतीत खरेदीदाराचा कोणताही हक्क किंवा बोजा निर्माण होत नाही. १०० रुपये वा त्याहून अधिक किमतीच्या स्थावर मिळकतीची विक्री नोंदणीकृत दस्तानेच होते. म्हणजे साठेखताने मिळतो तो जमिनीवरचा हक्क नव्हे. जमीन आपल्या नावे करून द्या असे त्या विशिष्ट माणसाला सांगण्याचा हक्क. साठेखत व कुलमुखत्यारपत्र करून व्यवहार पुरा झाल्याचे मानण्याची जी चाल शहरांतून पडली होती, तिच्याविषयीही सर्वोच्च न्यायालयाने २०११ साली सूरज लॅम्प कंपनीच्या प्रकरणात हेच सांगितले, की अशा कागदांनी मालकी जात नाही.

मग प्रश्न असा, की नुसत्या शब्दासाठी कोर्टाने एखाद्याला आपली जमीन दुसऱ्याला द्यायला का लावावे? ज्वारीची शंभर पोती देतो म्हणून व्यापाऱ्याने दिली नाहीत, तर कोर्ट सहसा नुकसानभरपाई देते. कारण तशी ज्वारी बाजारात दुसरीकडे मिळते. जमिनीचे तसे नाही. आमच्या सव्वा एकराला लागून चुलत्यांचा बांध आहे, सामाईक विहिरीतली आठवड्याची दोन दिवसांची पाळी आहे, वस्तीवरून चालत जाता येते. तीच किंमत घेऊन दुसरे रान घ्या म्हटले तर ते हे रान नव्हे. इंग्लंडच्या चॅन्सरी न्यायालयांत वाढलेला हा विचार आपल्याकडे १८७७ च्या कायद्याने आला आणि त्याची जागा १९६३ च्या स्पेसिफिक रिलीफ ॲक्टने घेतली. कबूल केलेली गोष्टच प्रत्यक्ष करून द्यावी, अशा मागणीच्या दाव्याला कोर्टात सर्वजण ‘स्पेसिफिक परफॉर्मन्सचा दावा’ असेच म्हणतात, शिरस्तेदारापासून पक्षकारापर्यंत. मीही तेच नाव वापरते.

हा दावा लावणाऱ्याला पहिली कसोटी स्वतःचीच द्यावी लागते. कलम १६ प्रमाणे, कराराचा आपल्या वाट्याचा भाग पुरा करायला आपण सदैव ‘तयार आणि राजी’ होतो, हे त्याला सिद्ध करावे लागते. तयार म्हणजे पैशाची ऐपत. राजी म्हणजे व्यवहार पुरा करण्याची इच्छा. हे दोन्ही कराराच्या दिवसापासून दाव्याच्या सुनावणीपर्यंत अखंड असले पाहिजेत, हे तत्त्व १९२८ साली प्रिव्ही कौन्सिलने अर्देशिर मामा विरुद्ध फ्लोरा ससून या मुंबईहून गेलेल्या प्रकरणात मांडले. त्याचा आधार आजही घेतला जातो. नोटांचे पुडके घेऊन विक्रेत्याच्या दारात उभे राहिलेच पाहिजे असे मात्र नाही. कोर्टाने हुकूम केल्याखेरीज रक्कम प्रत्यक्ष भरून दाखवण्याची गरज नाही, असे कायद्यातच म्हटले आहे. पण ऐपत होती हे दिसले पाहिजे. बँकेचे पासबुक, मंजूर कर्जाचे पत्र, विक्रेत्याला पाठवलेली नोटीस, ठरल्या दिवशी दुय्यम निबंधकाच्या कचेरीत हजर राहिल्याचा काही पुरावा, अशा गोष्टींना तेथे महत्त्व असते.

येथे मला थोडे थांबावेसे वाटते. अण्णा मार्केट यार्डात हमाली करतात. साडेपाच लाख ते कोठून आणणार होते? दोन लाख मामांकडून, लाखभर म्हशी आणि आईचे डोरले मोडून, थोडे सोसायटीतून, आणि उरलेले आडत्याकडून, ज्याच्या गाळ्यावर ते बावीस वर्षे पोती उचलत आहेत. मामांनी ‘हो’ म्हटले होते, आडत्यानेही म्हटले होते. ही तयारी खोटी नव्हती. पण ती माणसांच्या तोंडी होती, एकाही कागदावर नव्हती. उलटतपासणीत ‘नोव्हेंबर २०१४ मध्ये आपल्या खात्यावर किती शिल्लक होती?’ असा प्रश्न आला असता, तर खरे उत्तर एकच होते: अकराशे रुपये. मामा आणि आडते यांना साक्षीला उभे करता आले असते हे खरे. तरीही पासबुकवाल्याची तयारी एका कागदात दिसते आणि हातावर पोट असणाऱ्याची तयारी चार साक्षीदारांच्या धारिष्टावर अवलंबून राहते, हा फरक कायद्याच्या शब्दांत नसला तरी व्यवहारात आहेच.

दुसरी कसोटी वेळेची. याविषयी न्यायालयांच्या दृष्टीत कसकसा बदल होत गेला, ते पाहण्याजोगे आहे. जमिनीच्या व्यवहारात ठरलेली तारीख हुकली म्हणजे लगेच करार मोडला असे समजायचे नाही, असा जुना नियम. मुंबईच्याच जमशेद इराणी विरुद्ध बुर्जोर्जी धुंजीभाई या प्रकरणात प्रिव्ही कौन्सिलने १९१५ साली तो सांगितला. सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या पीठाने चंद राणी विरुद्ध कमल राणी या प्रकरणात तोच नियम मान्य केला. (हा निकाल १९९२ च्या डिसेंबरातला, १९९३ च्या निकालपत्रांत छापला गेला.) पण त्याच प्रकरणात खरेदीदार हरली, कारण ९८ हजार रुपये फक्त १० दिवसांत द्यायचे असे करारात स्पष्ट लिहिले होते, आणि असे लिहिले असेल तेथे वेळेला मोल आहे.

१९९७ चा विद्यानाथम विरुद्ध वैरवन हा निकाल मला अधिक बोलका वाटला. मदुराईतले एक घर. डिसेंबर १९७८ मध्ये करार. किंमत ६० हजार, इसार ५ हजार. मुदत सहा महिने. खरेदीदार अडीच वर्षे गप्प राहिला आणि मग जागा झाला. तोवर तेथील घरांचे भाव बरेच चढले होते. सर्वोच्च न्यायालयाने त्याला घर देण्यास नकार दिला. नुसते ५ हजार देऊन वाढत्या भावाचा फायदा स्वतःकडे राखून ठेवायचा आणि विक्रेत्याला अडकवून ठेवायचे, हे न्याय्य नव्हे, असा त्यामागील विचार आहे. २०११ साली शारदामणी कंडप्पन यांच्या प्रकरणात न्यायालयाने आणखी पुढे जाऊन म्हटले, की ‘वेळेला महत्त्व नाही’ हा नियम किमती स्थिर होत्या त्या काळातला आहे; आता त्याचा फेरविचार व्हायला हवा.

हा निकाल वाचताना मी प्रथम चिडले होते. आमची आणि त्या मदुराईच्या खरेदीदाराची मुदत सारखीच, सहा महिने. पण तो गप्प होता, अण्णा गप्प नव्हते. दर पंधरवड्याला पारावर विचारत होते. फक्त लिहून विचारत नव्हते. ‘नोटीस पाठवली म्हणजे माणूस तोडला’ असे ते आजही म्हणतात. याला आमच्याकडे भीड म्हणतात. आई त्यावर ‘भीड भिकेची बहीण’ एवढेच म्हणते आणि चुलीकडे वळते. गावचे पुष्कळसे व्यवहार भिडेवर चालतात. भीड आहे म्हणून उसने बैल मिळतात, पाण्याची पाळी अदलाबदल होते. कोर्टात मात्र भीड हा मुद्दाच नाही. तेथे वाट पाहणारा आणि झोपलेला यांच्यात फरक दाखवायला कागद लागतो.

त्यातही सर्वांत कठोर कागद म्हणजे कॅलेंडर. १९६३ च्या मुदतीच्या कायद्यातील अनुच्छेद ५४ नुसार हा दावा तीन वर्षांच्या आत लावावा लागतो. करारात तारीख ठरली असेल तर त्या तारखेपासून. ठरली नसेल तर समोरच्याने नकार दिल्याचे कळले तेव्हापासून. आमच्या कागदात सहा महिने लिहिले होते. म्हणजे मुदत नोव्हेंबर २०१४ पासून मोजायची आणि नोव्हेंबर २०१७ मध्ये ती संपली. ‘जमिनीचे नाव काढू नका’ हे उत्तर आले २०१८ साली. अण्णांना वाटत होते, नकार आला की मग बघू. नकार येण्याआधीच दार बंद झाले होते. तारीख न घातलेले साठेखत असते तर कदाचित आम्ही वेळेत असतो. तारीख घालून शहाणपणा केला, असे लिहिणाऱ्याला त्या दिवशी वाटले असेल.

आता विक्रेत्याची बाजू. ती न मांडणे अन्यायाचे होईल; कारण आपल्या मुलुखात जमीन विकणारा नेहमी लबाडच असतो असे नाही, पुष्कळदा तो नडलेला असतो. साठेखत हे सावकारीचे जुने हत्यार आहे. कर्ज दोन-तीन लाखांचे, आणि तारण म्हणून कागद मात्र विक्रीच्या कराराचा किंवा थेट खरेदीखताचा. मे १८७५ मध्ये पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकऱ्यांनी सावकारांवर उठाव केला आणि कर्जाचे कागद जाळले. त्यानंतर १८७९ साली दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी जो कायदा झाला, त्याने कागदावर काय लिहिले आहे एवढ्यावर न थांबता व्यवहाराच्या मुळाशी जाण्याची मुभा न्यायालयांना दिली. पुढे १९८१ साली गंगाबाई विरुद्ध छबूबाई या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले, की कागद केवळ दिखाऊ होता, खरा व्यवहार कर्जाचा होता, हे तोंडी पुराव्यानेही दाखवता येते. महाराष्ट्राच्या २०१४ च्या सावकारी नियमन कायद्याने तर सावकारीत गेलेली जमीन परत देण्याचा आदेश करण्याचा अधिकार जिल्हा उपनिबंधकांना दिला आहे.

या पार्श्वभूमीवर २०१८ ची दुरुस्ती पाहिली पाहिजे. १ ऑक्टोबर २०१८ पर्यंत स्पेसिफिक परफॉर्मन्स देणे न देणे हे कोर्टाच्या विवेकावर होते. करार कायदेशीर असला, तरी तो अमलात आणल्याने प्रतिवादीवर त्याला आधी न कळलेला असा मोठा जाच होणार असेल, तर कोर्ट नाही म्हणू शकत होते. (भाव वाढले एवढेच कारण मात्र तेव्हाही पुरेसे नव्हते.) दुरुस्तीने हा विवेक काढून घेतला, कायद्यात सांगितलेले अपवाद सोडले तर करार अमलात आणावा, असे आता कलम १० म्हणते. मोठमोठ्या कंपन्यांच्या करारांना खात्री यावी हा त्यामागचा उद्देश. दोन बरोबरीचे पक्ष असतील तर हे योग्यच आहे. परंतु मुलीच्या लग्नासाठी किंवा दवाखान्याच्या बिलासाठी घाईने सही करणाऱ्या माणसाला जी एक लहानशी खिडकी उघडी होती, ती यामुळे बंद झाली. फसवणूक किंवा दडपण सिद्ध करण्याचा मार्ग त्याला अजून आहे. पण नडलेपण म्हणजे फसवणूक नव्हे, आणि ते सिद्ध करूनही उपयोग नाही. ज्याचे साठेखत बुडाले त्याच्या मुलीने असे लिहावे हे काहींना चमत्कारिक वाटेल. माझे मत मात्र असेच झाले आहे.

महाराष्ट्रातील शेतजमिनीला आणखी एक फाटा फुटतो. १९४८ च्या कूळकायद्याच्या कलम ६३ प्रमाणे शेतकरी नसलेल्याला परवानगीखेरीज शेतजमीन घेता येत नाही. खरेदीदार शेतकरी आहे की नाही असा वाद निघाला तर तो दिवाणी कोर्टाने ठरवायचा नाही, मामलेदाराकडे पाठवायचा, असे गुंडाजी शिंदे विरुद्ध रामचंद्र जोशी या १९७९ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले. म्हणजे एका दाव्याच्या पोटात दुसरे प्रकरण. आजोबांच्या मागे आमच्या पंधरा गुंठ्यांच्या सातबाऱ्यावर चार नावांत अण्णांचेही नाव आहे, त्यामुळे तो प्रश्न आमच्यापुढे नव्हता. तुकडेबंदीचा १९४७ चा कायदाही असाच आडवा येऊ शकतो. साठेखत नोंदलेले नसले तरी या दाव्यात कराराचा पुरावा म्हणून ते दाखवता येते. मुद्रांक मात्र पुरा हवा, नसेल तर दंडासह भरावा लागतो.

समजा, खरेदीदार जिंकला. तरीही जमीन त्याच्या ओटीत पडत नाही. हुकूमनाम्यात ठरवलेल्या वेळेत उरलेली रक्कम त्याने भरायची. न भरल्यास विक्रेता करार रद्द करून मागू शकतो. रक्कम भरूनही विक्रेता सहीला आला नाही, तर दरखास्त लावायची आणि मग कोर्टच त्याच्या वतीने खरेदीखतावर सही करते. ही तरतूद दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २१, नियम ३४ मध्ये आहे. दरम्यान विक्रेत्याने जमीन तिसऱ्याला विकली असेल तर? त्या तिसऱ्याला आधीच्या साठेखताची माहिती नव्हती आणि त्याने प्रामाणिकपणे पैसे मोजले, असे ठरले तर तो सुटतो. एरवी करार त्यालाही बांधतो. नोंदणीकृत साठेखत असेल तर ‘मला माहीत नव्हते’ म्हणणे त्याला जड जाते. नोंदणीचे हजारो रुपये वाचवताना अण्णांच्या हे लक्षात आले नव्हते. कोणी सांगितलेही नव्हते.

जमीन गेली हे मी मान्य केले होते. मग वकीलसाहेबांनी त्याच १८८२ च्या कायद्याचे कलम ५५ उघडून दाखवले. त्यातल्या सहाव्या पोटकलमात म्हटले आहे, की ताबा घेण्यास खरेदीदाराने स्वतःच गैरवाजवी नकार दिला नसेल, तर ताबा मिळण्याच्या अपेक्षेने त्याने आगाऊ दिलेल्या रकमेचा व्याजासह बोजा विक्रेत्याच्या त्या मिळकतीवर राहतो. हा बोजा साठेखतातून येत नाही, कायदाच तो देतो. व्हिडिओकॉन प्रॉपर्टीज विरुद्ध भालचंद्र लॅबोरेटरीज या मुंबईच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने याचीच चर्चा केली आहे. आणि स्थावर मिळकतीवर बोजा असलेल्या रकमेच्या वसुलीला मुदतीच्या कायद्यात तीन नव्हे, बारा वर्षे आहेत. रक्कम परत मिळण्याजोगी झाली तेथून ती मोजायची. नोव्हेंबर २०१४ पासून मोजली तरी ती नोव्हेंबर २०२६ पर्यंत जाते. दीड लाख रुपये आणि त्यावरचे व्याज. त्या रस्त्यालगत एवढ्यात आता एक गुंठाही येणार नाही. पण हे पैसे म्हणजे अण्णांच्या पाठीवरून गेलेली पोती आहेत.

नोटीस मी वाचून दाखवली तेव्हा अण्णांनी दोनच गोष्टी विचारल्या. व्याज मागितलेच पाहिजे का, आणि ‘दावा’ हा शब्द जरा खालच्या ओळीत घेता येईल का. व्याज मागितले. शब्द मात्र वकीलसाहेबांनी शेवटच्या परिच्छेदात नेला. ती स्पीड पोस्टाने टाकायला आम्ही दोघे तालुक्याला गेलो. पावती त्यांनी स्वतः मागून घेतली, चार घड्या केल्या आणि घरी आल्यावर ट्रंकेत न टाकता माझ्या हातात दिली.